रेंग्याची विहीर

“पाव्हण्यांना विचारा, झोप झाली का म्हणावं,” मी भुजाप्पाला म्हणाले. पाव्हणे माझ्यापासून पाच हातांवर उभे होते.

भुजाप्पा माझा धाकटा दीर. त्यानं विचारल्यासारखं केलं. पाव्हण्यांनी, म्हणजे माझ्या जावयानं, तिम्मण्णानं, खाली मान घालून सांगितलं की आत्ता तर उतरलो होतो, एक भोक पुरं व्हायच्या आत वर बोलावलंत. तेव्हा ऊन कलायला लागलेलं. माणूस न्याहरीच्या वेळेला उतरलेला. बरोबर दिलेली भाकरी तशीच फडक्यात बांधून वर आणलेली. मी फडकं सोडलं, भाकरीवर बोट ठेवलं. ती कोमट होती. सकाळी तव्यावरून काढलेली भाकरी तिसऱ्या प्रहरी कोमट कशी, असा विचार कुठल्याही शहाण्या बाईच्या डोक्यात आला असता. माझ्या डोक्यात एवढंच आलं, की याला काम नको ते नको, आणि माझ्या हातचं अन्नही नको.

आमच्या घराण्यात सासू जावयाशी तोंडाला तोंड देऊन बोलत नाही. अंगाला हात लावणं तर लांबच. समोरून आला तर पदर सावरायचा आणि बाजूला व्हायचं. सांगायचं असेल ते तिसऱ्याला सांगायचं, त्याला ऐकू जाईल अशा बेतानं. इतर बायकांना या रिवाजाची अडचण व्हायची. मला तो फार मानवला. समोरचा उलट बोलू शकत नाही, आणि आपण हवं ते बोलतो.

याला आता तीस वर्षं होतील. आम्ही विहिरी खणणारी माणसं. आमचे मालक वारल्यावर टोळी माझ्या हाती आली आणि मी ती मोडू दिली नाही, हे आजही कुणी नाकारणार नाही. तिम्मण्णाची टोळी त्याच्या भावाभावांत फुटली, म्हणून तो बायकोला घेऊन आमच्याकडे कामाला राहिला. घरजावईच म्हणायचा. माझी सुंद्रा, माझी एकुलती एक लेक, तेव्हा पोटुशी. दिवस भरत आलेले. पहिलं बाळंतपण आईकडं करतात, तिची आई विहिरीच्या काठावर, म्हणून ती पण काठावर.

विहीर माणदेशातल्या एका माळावर होती. रानमालक लवटे, सज्जन माणूस. पन्नास फुटांवर काळा पाषाण लागला आणि पूर्वेच्या कोपऱ्यात एक खड्डा पडला, एका माणसापुरता. टोळीत तिम्मण्णाच अंगानं बारीक. म्हणून तिथं तो.

आणि तिथं उतरला की त्याचं सगळं रेंगाळायचं. पहार धरलेला हात वर जायचा आणि वरच राहायचा. पाण्यात बुडून काम करणाऱ्यासारखा. विहिरीत इतर चौघं होते, त्यांचं काम भराभरा चाललेलं, त्यांना हसू आवरायचं नाही. मी काठावरून म्हणायची, पाव्हण्यांनी पहारीला अंडी उबवायला बसवलंय, पिल्लं निघाली की मला हाक मारा. रोज एक नवीन काढायची. माझ्या जिभेला खुराक मिळाला होता.

तो गप्प ऐकायचा. भाकरीच्या दिवशी मात्र त्यानं तोंड उघडलं. भुजाप्पाकडं बघून म्हणाला, “काका, मामींना सांगा, दिवस काठावर बसून मोजतात, एकदा खाली बसून मोजावा.”

टोळी हसली. लहान-थोर सगळे हसले. सुंद्रा पदरात तोंड घालून हसली. ते हसणं मला दिसलं.

दुसऱ्या दिवशी सुरुंग होते. सहा भोकं पाडून झालेली, पाच विहिरीच्या तळात आणि सहावं त्या कोपऱ्यात. आता आमची रीत सांगते, म्हणजे पुढचं कळेल. पेटवणारा एकच माणूस खाली राहतो. तो एकेक वात पेटवतो आणि भिंतीत कोरलेल्या पायऱ्यांनी वर येतो. काठावर एक जण धूर मोजतो. जितके धूर तितके बार व्हायला पाहिजेत. एखादा बार झाला नाही, तर दोनच गोष्टी. वात पेटलीच नसेल तर पेटवणाऱ्यानं लगेच परत उतरायचं आणि ती पेटवून यायची. पेटून मुकी राहिली असेल, तर दुसऱ्या दिवशी त्याच वेळेपर्यंत विहिरीत कुणी पाय टाकायचा नाही. मुक्या बारानं माणसं नेलीत आमची. म्हणून धूर मोजणाऱ्याचा शब्द म्हणजे शेवटचा शब्द. आमच्यात धूर मोजायचं काम माझं. मालक होते तेव्हापासून माझं. मी लिहा-वाचायला शिकले नाही, दुसरीत असताना शाळेतून काढून घेतलं, पण मोजणीत मी कधी चुकले नाही आणि हे मी चारचौघांत सांगायची.

तिम्मण्णानं कोपऱ्यातली वात आधी पेटवली, मग बाकीच्या. वर आला. आम्ही बाभळीमागं गेलो. एक, दोन, तीन, चार, पाच. मग काहीच नाही.

भुजाप्पानं विचारलं, किती पेटल्या.

“सहा,” तिम्मण्णा म्हणाला.

“पाच धूर होते,” मी म्हणाले.

तिम्मण्णानं माझ्याकडं बघितलं. जावई सासूकडं बघत नाही, पण त्यानं बघितलं. मग सुंद्राकडं बघितलं. सुंद्रा हातानं पोट सावरत पुढं आली.

“आई, नीट मोजलंस?”

“माझी मोजणी कधी चुकलीय?”

भुजाप्पा मध्ये पडला. म्हणाला, वहिनी, आजचा दिवस राहू दे, उद्या बघू. मी म्हटलं, ज्याला वात पेटवायचा धीर झाला नाही त्याच्यापायी टोळीनं बसून का राहायचं. हे मी भुजाप्पाला म्हटलं आणि सुंद्राला ऐकवलं. ती नवऱ्याकडं बघत होती. बघणं निराळं असतं आणि पारखणं निराळं. ती पारखत होती.

तिम्मण्णा म्हणाला, “दाखवतो.” आणि उतरला.

पायऱ्या तो नेहमीसारखा उतरला. तळाला पोचला. पाच बारांनी कोपऱ्याची कड उडालेली, आणि आतली एक पोकळी उघडी पडली होती. वरून एवढंच दिसलं की आत काहीतरी गुळाच्या ढेपेसारखं चकाकतंय. तिम्मण्णा त्या बाजूला चार पावलं गेला. पाचवं पाऊल उचललं, आणि ते पाऊल खाली आलं नाही.

आधी वाटलं, बघत उभा आहे. हाका मारल्या. त्यानं मान वर केली नाही. भुजाप्पानं त्याच्या बाजूला खडा टाकला. खडा सरळ गेला, आणि जमिनीपासून हातभर वर अडकला. हवेतच. आम्ही काठावर आडवे पडून बघत राहिलो. ऊन भिंतीवर चढेपर्यंत खडा बोटभर खाली सरकला होता. तिम्मण्णाचं पाऊलही तेवढंच.

मग मला आठवली ती भाकरी.

रात्र गेली. सकाळी त्याचं पाऊल टेकलेलं होतं. भुजाप्पा तसा शांत डोक्याचा माणूस. त्यानं सगळं जुळवून सांगितलं, की तो दगड वेळ धरून ठेवतोय, जवळ जावं तितकी जास्त. आत तिम्मण्णाचं एक पाऊल, वर आपला एक दिवस. त्या दगडालाच मग आम्ही रेंगा म्हणायला लागलो. पुढं कित्येक महिन्यांनी जीपमधून शिकलेली माणसं आली, लोखंडी पेटीत त्याचा एक तुकडा घेऊन गेली, त्याला त्यांनी हातभर लांब नाव ठेवलं. म्हणाली, असा दगड आजवर कुणाला सापडला नव्हता. आम्हाला सापडून काय उपयोग झाला ते त्यांनी विचारलं नाही.

तिसऱ्या दिवशी दिसलं की कोपऱ्यातून धूर निघतोय. धूर म्हणजे एक दोरा, उभा, न हलणारा. वात पेटलेली होती. दगडाला टेकून पडलेली, म्हणून जळता जळता जळत नव्हती. तरी जळत होती. भुजाप्पानं काडी डोळ्यासमोर धरून मापलं. म्हणाला, वीतभर उरलीय.

टोळीतला एक जण म्हणाला, म्हणजे पाव्हणे खरं बोलत होते. दुसरा म्हणाला, कशावरून, खिशात काडेपेटी हाय, आता खाली जाऊन पेटवली असेल. दोघांनी माझ्याकडं बघितलं. धूर मोजणारी मी.

सुंद्रा काठावरून हलेना. लवट्यांच्या म्हाताऱ्या आईनं तिथंच चार काठ्यांवर कापड टाकून सावली केली, तिथंच जेवायला आणून दिलं. माझ्या हातचं ती खात होती, पण माझ्याशी बोलत नव्हती. दिवसभर खाली बघायची. नवरा तळाशी उभा, पायाशी पेटलेली वात, आणि तो पळत नाही. पळेल कसा, त्याच्या लेखी आत्ता कुठं येऊन पोचलाय. पण हळूहळू त्याचा हात उठायला लागला. पाचव्या दिवशी कोपरापर्यंत, सहाव्या दिवशी खांद्यापर्यंत. आम्हाला वाटलं वात उपटणार. लवटे नारळ घेऊन आले. सातव्या दिवशी कळलं, तो वात उपटत नव्हता. बोट दाखवत होता. मान वर वळायला लागली होती. आठव्या दिवशी उजाडताना त्याचं तोंड आमच्याकडं होतं आणि ओठ उघडत होते. दिवस मावळला तेव्हा ओठ पुरते उघडलेले. आवाज नव्हता, नुसती विहीर घुमत होती, लांबवर जातं फिरतं तशी.

“तुझी मोजणी चुकत नाही म्हणालीस,” सुंद्रा म्हणाली. आठ दिवसांत पहिल्यांदा बोलली. “मग तो काय दाखवतोय?”



नवव्या दिवशी सकाळी तिनं कासोटा घट्ट केला आणि पहिल्या पायरीवर पाय टाकायला निघाली. पोट एवढं खाली आलेलं, की बसली तर उठायला हात द्यावा लागायचा. भुजाप्पानं तिला अडवलं. म्हणाला, मी जातो. मी म्हटलं, तुम्ही नाही. तुमच्या अंगाची रुंदी त्या कोपऱ्यात मावत नाही. कंबरेला विळा खोवला आणि उतरले. पन्नास वर्षांची होते, पण त्या पायऱ्या माझ्याच देखरेखीखाली कोरलेल्या. त्या वेळी आजूबाजूची ज्वारी हुरड्याला आलेली होती.

निम्म्या विहिरीपर्यंत काही वेगळं नव्हतं. पुढं वरचा उजेड कमीजास्त व्हायला लागला. ढग आले म्हणावं तर तसं नाही. तळाला पोचले आणि मान वर केली, तर आभाळ उघडत होतं, मिटत होतं. दिवस, रात्र, दिवस, रात्र. काठावरची माणसं माशांसारखी बसत होती, उडत होती. मला भीती वाटली म्हणून सांगायला हरकत नाही, पण तिथं उभं राहून घाबरायला सवड नव्हती. मी कोपऱ्याकडं चालले. पायाशी टप् करून खडा पडला.

“–लेली हाय,” तिम्मण्णाच्या शब्दाचं शेपूट माझ्या कानावर आलं. आठ दिवस काढून आम्ही ज्या शब्दाची वाट बघत होतो, तो हा. मला बघून तो दचकला.

“मामी? तुम्ही कशाला उतरलात? मी आत्ता तर–”

मी त्याला बाजूला ढकललं. अंगाला हात लागला. वात दगडाच्या कडेनं भोकात गेली होती, जळता निखारा भोकापासून चार बोटांवर. निखारा आणि भोक यांच्यामध्ये विळा घातला आणि ओढला. जळतं टोक खाली पडलं. टाचेखाली रगडलं. टाच भाजली.

मग मी त्याच्या तोंडाकडं बघून बोलले. लग्नाला दोन वर्षं झाली होती, आणि जावयाशी बोललेले माझे पहिले शब्द ते.

“सहा होते. मी सहाच मोजले होते.”

“ठाऊक हाय मला,” तो म्हणाला. “पायऱ्या चढताना तुमची बोटं बघितली मी. सहा मिटलेली होती.”

“मग बोलला का नाहीस?”

“सुंद्री तुमची लेक हाय. माझ्या तोंडचं तिला निमित्त वाटलं असतं. म्हटलं, वात दाखवतो.”

तीन-चार वाक्यं झाली आमची. माझ्या जन्मात इतकी महाग वाक्यं मी बोलले नाही. वर त्यात पंधरवडा गेला, हे आम्हाला नंतर कळलं.

पाच का म्हणाले, असं तुम्ही विचाराल. मी स्वतःला पुष्कळदा विचारलं. मला वाटलं होतं, वात विझलेलीच असणार, खाली जाईल, पेटवून येईल, धोका काही नाही. चारचौघांत एकदा त्याची मान खाली जाईल. आदल्या दिवशी टोळी मला हसली होती, आणि माझी लेक हसली होती. यापेक्षा मोठं कारण असावं म्हणून मी खूप शोधलं. सापडलं नाही.

मी त्याच्या मनगटाला धरलं आणि पायऱ्यांकडं ओढलं. तो म्हणाला, तो दगड बघा तरी. मी म्हटलं, चल. ओढताना मीही बघितलाच. कलिंगडाएवढा, मधाच्या रंगाचा, आणि उजेड त्यात शिरला की लवकर बाहेर येत नव्हता, आतच घुटमळत होता. देखणा होता. देखणेपणाचं मला कधी काही वाटलं नाही.

निम्म्यावर आल्यावर आभाळाची उघडझाप थांबली. वर संध्याकाळ होती. काठावर हात टेकला तेव्हा समोरच्या रानात ज्वारी नव्हती. काढून, खुडून, कडब्याच्या पेंढ्या रचून झालेल्या. भुजाप्पा धावत आला, त्याच्या गालभर दाढी वाढली होती. दाढी वाढवायची त्याला सवय नाही, नवस केला असेल. टोळीतली निम्मी माणसं दुसऱ्या कामावर गेलेली. मी उतरल्याला त्रेचाळीस दिवस झाले होते.

सुंद्रा त्याच कापडाखाली बसली होती. डोक्याला फडकं बांधलेलं, मांडीवर पोर. मी उतरले त्याच्या तिसऱ्या दिवशी झाली, लवट्यांच्या आईनं मोकळी केली, असं भुजाप्पानं भराभरा सांगितलं. रात्रभर अडली होती. काठावरून हलायला तयार नव्हती, तिथंच झाली. बाराव्याला नाव ठेवलं नाही, बाप वर येऊ दे म्हणाली. पहिलं बाळंतपण. आई पन्नास फुटांवर, आणि आईला त्यातलं काहीच ठाऊक नाही.

तिम्मण्णा तिच्यासमोर जाऊन बसला. तिनं पोर त्याच्या हातात दिली. त्याच्या लेखी बायको सकाळी पोटुशी होती आणि आता ही चाळीस दिवसांची लेक. त्यानं पोरीकडं बघितलं, सुंद्राकडं बघितलं, परत पोरीकडं. सुंद्रानं त्याला काही विचारलं नाही. माझ्याकडं वळली.

“पाच का सहा?”

भुजाप्पा होता, लवटे होते, त्यांची आई होती, टोळीतली उरलेली माणसं होती. तिम्मण्णानं मान पोरीवर घातली. त्याच्या मनात असतं तर त्यानं सांगितलं असतं, आणि आता सगळ्यांनी ते खरं मानलं असतं. त्यानं मला जागा सोडून दिली. मला त्याचा तेवढ्यापुरता रागच आला.

“सहा,” मी म्हणाले. “मोजले सहा. सांगितले पाच.”

लवट्यांच्या आईनं तोंडाला पदर लावला. भुजाप्पा खाली बसला. तोवर तीस वर्षं माझ्या मोजणीच्या भरवशावर तो विहिरीत उतरत होता, वात पेटवत होता. त्या दिवसापासून धूर तो मोजायला लागला, मीच त्याला सांगितलं.

सुंद्रा मात्र माझ्याकडंच बघत राहिली. रडली असती तर बरं झालं असतं, शिव्या दिल्या असत्या तरी चाललं असतं, माझ्या पोटची आहे, तिला येतात. तिनं नवऱ्याच्या हातातून पोर परत घेतली, दुपट्यात गुंडाळली. माझे हात आपोआप पुढं झाले.

तिनं माझ्या हातांकडं बघितलं. बोटांना काजळी, मनगटापर्यंत दगडाची धूळ.

“हात धुऊन ये,” ती म्हणाली.

कापडाच्या मागं पिंप होतं. मी तांब्यानं पाणी घेतलं, राख लावून घासले, पदराला पुसले आणि परत येऊन तिच्यासमोर धरले. तिनं ते उलटेपालटे करून बघितले. नखंसुद्धा बघितली.

“आणखी एकदा,” ती म्हणाली.

मी परत पिंपाकडं गेले.